‘उसनी’ छापून झाली: हस्तलिखितापासून टाउन हॉलच्या पावतीपर्यंत

माझी ‘उसनी’ ही कादंबरी सप्टेंबर २०२५मध्ये छापून झाली. लेखक मी, प्रकाशक मी, आणि सध्या गोदामही माझंच, म्हणजे कुर्ल्याच्या आमच्या घरातला दिवाण. अद्भुतकथा लिहून बसलेल्या आणि पुढे काय करायचं ते न कळणाऱ्या काही जणांनी मला कॉपीराइट, आयएसबीएन (म्हणजे पुस्तकाचा ओळख-क्रमांक), छपाई यांबद्दल विचारलं. प्रत्येकाला तुकड्यातुकड्याने सांगण्यापेक्षा सगळं क्रमाने लिहिते. फी आणि नियम मी अर्ज केले तेव्हाचे आहेत, तुम्ही भराल तेव्हा संकेतस्थळावर एकदा बघून घ्या.

आधी नदीबद्दल सांगते, कारण पुढची निम्मी धावपळ तिच्यापायी झाली.

आपल्याकडे कितीतरी गावांत तळ्याची एक गोष्ट सांगतात. घरात लग्न निघालं आणि भांडी कमी पडली की आदल्या संध्याकाळी तळ्याकाठी जाऊन मागणं घालायचं. सकाळी काठावर भांडी मांडलेली. कार्य उरकलं की घासूनपुसून परत सोडायची. मग कुणाला तरी हाव सुटते, एखादी पळी घरात राहते, आणि तळं देणं बंद करतं. माझी गोष्ट तिथून पुढे सुरू होते. माझ्या गोष्टीत तळ्याच्या जागी नदी आहे, आणि ती देणं बंद करत नाही, वसुली करते. पळी ठेवून घेणाऱ्या घरातून ती एक आवाज घेऊन जाते. कुठे दाराच्या कडीचा, कुठे आजीच्या हाकेचा. कडी वाजते पण ऐकू येत नाही. आजी तोंड उघडते, हाक येत नाही. अशा आवाजांनी भरलेली नदी अमावस्या-पौर्णिमेच्या उधाणाला उलटी चढते आणि गावोगावचे घाट एकमेकांचे आवाज ऐकतात.

उलटी चढणारी नदी मला कल्पनेतून काढावी लागली नाही. मिठी आमच्या घरापासून फार लांब नाही. विहार आणि पवई तलावांच्या सांडव्यातून निघून जवळजवळ अठरा किलोमीटर वाहत ती माहीमच्या खाडीला मिळते, आणि भरतीला खाडीचं पाणी तिच्यात आत शिरतं. २६ जुलै २००५ला सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस पडला, त्या रात्री नदी कुठल्या दिशेने वाहते आहे हे विचारण्यात अर्थच नव्हता. तेव्हापासून डोक्यात ही नदी होती. तिचं वेळापत्रक मात्र मी कोकणी हिशेबाने बसवलं: तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची वेळ. पंचमीला पावणेचार, अष्टमीला सहा. आमच्या आजोबांना हे तोंडपाठ होतं. पुढे हेच कोष्टक कामाला आलं, ते ओघात सांगतेच.

हस्तलिखित जून २०२४मध्ये पूर्ण झालं. काही प्रकाशकांकडे पाठवलं. कुणी महिन्याने नाही म्हणालं, कुणी दिवाळीनंतर बघू म्हणालं, एकांनी फोनवर अगदी आपुलकीने सांगितलं, ‘लिहिता छान, पण जादू म्हटली की बालवाङ्मय, आणि बालवाङ्मय म्हटलं की अडीचशे पानं चालत नाहीत.’ त्यांचंही बरोबर असेल. मला पानंही कमी करायची नव्हती आणि आजीचा आवाज नेणारी नदी आठ वर्षांच्या मुलांना विकायचीही नव्हती. डिसेंबर उजाडेपर्यंत वाट पाहिली. त्या काळात फार चिडचिड झाली, ऑफिसातून घरी आले की ती फाइल उघडावीशीही वाटत नसे.

मग ‘लेखकांसाठी पॅकेज’ देणाऱ्या कंपन्यांची चौकशी केली. एकीने शंभर प्रतींचे पंच्याऐंशी हजार सांगितले आणि त्यात ‘आयएसबीएन मिळवून देऊ’ अशी एक ओळ ठळक अक्षरांत होती. हे नीट लक्षात ठेवा: भारतात आयएसबीएन फुकट मिळतो. आणि अशा कंपनीच्या खात्यातला क्रमांक घेतलात तर त्या क्रमांकापुरती प्रकाशक ती कंपनी ठरते, तुम्ही नाही. पॅकेज घेऊ नका असं मी म्हणत नाही, ज्यांना वेळ नाही त्यांची सोय होते. पण कशाचे पैसे देतोय ते माहीत असावं.

जानेवारी २०२५मध्ये ठरवलं की स्वतःच करायचं.

पहिलं काम कॉपीराइट. खरं तर तो मिळवावा लागतच नाही. आपण लिहिलं की १९५७च्या कायद्याने तो आपला असतो आणि लेखकाच्या मृत्यूनंतरही ६० वर्षं चालतो. नोंदणी सक्तीची नाही. उद्या वाद झालाच तर नोंदवहीतला उतारा कोर्टात प्रथमदर्शनी पुरावा म्हणून चालतो, एवढा तिचा उपयोग. तरी मी केली, कारण हस्तलिखित इतक्या ठिकाणी फिरून आलं होतं की मनाला घोर लागला होता. ऑफिसातल्या मैत्रिणीने तो आणखी वाढवला. ‘अगं, कुणी तुझी नदी उचलली तर?’

आमच्या मजल्यावर एक निवृत्त वकील राहतात. रविवारी सकाळी त्यांच्याकडे गेले आणि हाच प्रश्न विचारला. ते हसले. म्हणाले, ‘नदी उचलता येते. उद्या कुणीही आवाज नेणारी नदी लिहू शकतो, तुला काही करता येणार नाही. तुझी वाक्यं, तुझी मांडणी उचलली तर मात्र बोल.’ मग त्यांनी आर. जी. आनंद विरुद्ध डिलक्स फिल्म्स हा सर्वोच्च न्यायालयाचा १९७८चा निकाल समजावून सांगितला. कल्पना, विषय, कथासूत्र यांवर कुणाचा कॉपीराइट नसतो, ती ज्या रूपात मांडली त्या रूपावर असतो. घरी परत येताना मी जरा खट्टू झाले होते. इतकी वर्षं जिच्याबरोबर काढली ती नदी कायद्याच्या लेखी कुणाचीच नाही. पण दोन दिवसांनी तेच बरं वाटायला लागलं. मीसुद्धा भांडी देणारं तळं कुणाला न विचारताच उचललं होतं की.

अर्ज ऑनलाइन होतो, फॉर्म चौदा. साहित्यकृतीला फी ५०० रुपये. फॉर्मसोबत दोन विवरणपत्रं असतात. पहिल्यात नाव, पत्ता, भाषा, कृती प्रकाशित की अप्रकाशित, असं सरळ आहे. दुसऱ्यात विचारतात की कृती स्वतंत्र आहे, भाषांतर आहे की रूपांतर, आणि मूळ कृतीवर अजून कुणाचा हक्क आहे का. इथे मी अडले. तळ्याची गोष्ट लोककथा, मग हे रूपांतर का? वकीलकाकांनाच पुन्हा विचारलं. त्यांचं म्हणणं असं की गावोगावी सांगितलं जाणारं सूत्र घेतलंय, कुणाचा लिहिलेला मजकूर घेतलेला नाही, तेव्हा ‘स्वतंत्र’ लिही. तसं लिहिलं. लोककथेवर बेतलेलं लिहिणाऱ्या प्रत्येकाला इथे थबकायला होईल म्हणून मुद्दाम सांगितलं. कुणाच्या छापील संग्रहातून कथा घेतली असेल तर मात्र उत्तर वेगळं येईल, तेव्हा विचारूनच भरा.

सही स्कॅन करून आधी तयार ठेवा आणि हस्तलिखिताची एकच पीडीएफ करा. पैसे भरले की डायरी नंबर येतो, तो जपून ठेवा, पुढचं सगळं त्यावरच कळतं. त्यानंतर ३० दिवस थांबायचं असतं, कुणाला हरकत घ्यायची असेल तर त्यासाठी. माझ्या नदीवर कोण हरकत घेणार, असं स्वतःला रोज बजावत मी लोकलमध्ये रोज पोर्टल उघडून बघत होते. हरकत आली नाही. पुढे परीक्षकाकडे जाऊन प्रमाणपत्र यायला ऑगस्ट उजाडला. ते येईपर्यंत छपाई थांबवायची गरज नसते, मीही थांबवली नाही.

फेब्रुवारीत नकाशा. कल्पित देशाच्या गोष्टीला नकाशा हवाच असं माझं मत नाही, बऱ्याचदा तो नुसता मिरवायला असतो. पण ‘उसनी’त कुठल्या घाटावर कुठला आवाज ऐकू येतो यावर सगळं रहस्य आहे, त्यामुळे वाचकाला वर-खाली बघता यायला हवं होतं. माझ्या मावसबहिणीची मुलगी चित्रकलेचं शिक्षण घेते. तिने पेन-शाईने काढून दिला. नदीचा उगम खालच्या कोपऱ्यात, समुद्रापाशी, आणि प्रवाह वर डोंगराकडे बारीक होत गेलेला. मुखपृष्ठही तिचंच. दोन्हींचे मिळून अकरा हजार दिले. ती घेत नव्हती, मी जबरदस्तीने दिले.

आता कागदाची बाजू. कॉपीराइट कायद्यात नकाशा ही साहित्यकृती नाही, कलाकृती आहे. म्हणजे त्याचा अर्ज वेगळा, ५०० रुपये वेगळे. आणि त्याचा लेखक मी नाही, चित्रकार. पैसे दिले म्हणून हक्क आपोआप आपला होतो असं धरून चालू नका. लेखी हस्तांतरण लागतं, देणाऱ्याची सही लागते. त्यात मुदत लिहिली नाही तर कायदा पाच वर्षं धरतो, प्रदेश लिहिला नाही तर फक्त भारत. हे मी भाचीला वाचून दाखवलं तर ती म्हणाली, ‘म्हणजे मावशी, तू मुदत लिहायची विसरलीस तर पाच वर्षांनी नदी माझी?’ म्हटलं, नकाशातली, हो. मग आम्ही दोघींनी बसून मुदत, प्रदेश, छापील आणि ई-पुस्तक असं सगळं लिहून काढलं. मूळ चित्र तिच्याकडेच राहील आणि प्रदर्शनात लावायचा हक्क तिचा, हे तिने घालून घेतलं, आणि योग्यच केलं. ऑक्टोबर २०२४पासून राज्यात बहुतेक करारांना शंभराचा मुद्रांक चालत नाही, म्हणून पाचशेचा घेतला. तिला नकाशा कापडी पिशव्यांवरही छापायचा होता. पण वस्तूंवर वापरायच्या कलाकृतीला फी २,००० रुपये होते आणि ट्रेडमार्क नोंदणी कार्यालयाचा शोध-दाखलाही जोडावा लागतो. पिशव्या तूर्त राहिल्या.

मार्चपासून अक्षरजुळणी. दादरच्या एका डीटीपीवाल्याकडे पानाला ४० रुपये ठरले. मी सगळं युनिकोडमध्ये टाइप केलेलं, त्याच्याकडचा फॉन्ट जुना. त्याने फाइल रूपांतरित करून घेतली आणि आठवड्यात २४८ पानं माझ्या हातात दिली. दिसायला सुरेख. ती घेऊन मी गिरगावात एका निवृत्त मुद्रितशोधकांकडे गेले. आयुष्य छापखान्यांत गेलेला माणूस, वय ऐंशीच्या घरात, अजून लाल बॉलपेनने काम करतात आणि मोबाइलवर फक्त फोन घेतात. त्यांनी पहिली दहा पानं माझ्यासमोर चाळली आणि चष्म्यावरून बघत म्हणाले,

‘ताई, तुमच्या नदीला किनाराच नाही.’

मला कळेना. त्यांनी बोट ठेवलं. ‘किनाऱ्यावर’ हवं तिथे ‘किनार्यावर’. रूपांतरात अर्धा ऱ सगळीकडे मेला होता आणि त्याच्या जागी रफार आला होता. दऱ्या, वाऱ्याने, पायऱ्या, दुसऱ्या, सगळं गेलेलं. नदीची कादंबरी, त्यात किनारा आणि पायऱ्या नसलेलं पान सापडणं कठीण. ‘शोधा आणि बदला’ने सगळं एका दमात होत नाही, कारण ‘आर्या’, ‘सूर्या’ यांचा रफार खराच असतो. काकांनी एकेक शब्द लाल केला. तुमची फाइल युनिकोडवर असेल तर जुळणीही युनिकोड फॉन्टमध्येच करणारा माणूस शोधा, आणि पैसे ठरवण्याआधी ‘किनाऱ्यावरच्या पायऱ्या’ एवढे दोन शब्द त्याच्याकडून छापून बघा.

काकांनी आणखी एक केलं, ते मी मागितलंही नव्हतं. त्यांनी माझ्या नदीचा हिशेब ठेवला. दुसऱ्या वाचनाला गेले तेव्हा त्यांच्याकडे एक कागद होता: कुठल्या पानावर कुठली तिथी, नदी कुठल्या दिशेला, कुणी काय उसनं घेतलं, फेडलं का. म्हणाले, ‘पान ११२ला चतुर्थी आहे, आणि पाणी तीन वाजता चढतंय. तुम्ही तर उधाण अमावस्येचं म्हणता.’ मी पिशवीतून माझी वही काढली. चतुर्थीलाही भरती येतेच, चार गुणिले पाऊण म्हणजे तीन. उधाणाला पाणी शेवटच्या घाटापर्यंत पोचतं, एरवी पहिल्या दोन घाटांवरून परत फिरतं. त्यांनी पानं मागे-पुढे करून ताडून पाहिलं, मग ‘बरोबर’ असं कागदावर लिहून खाली सही केली. प्रकाशकांच्या नकारांनी गेलेला हुरूप मला त्या सहीने परत आणून दिला. दोन वाचनांचे मिळून साडेसात हजारांच्या आसपास झाले. खर्चात कुठेही कात्री लावा, मुद्रितशोधनात लावू नका. जादूची नदी लिहिणार असाल तर तिच्या नियमांची वही वेगळी ठेवा आणि ती मुद्रितशोधकालाही द्या. जादू आहे म्हणून वाचक काहीही चालवून घेतो हा समज खोटा आहे, उलट तो जास्त बारकाईने बघतो.

आयएसबीएनचा अर्ज जूनच्या पहिल्या आठवड्यात केला. शिक्षण मंत्रालयाखालच्या राजा राममोहन रॉय राष्ट्रीय आयएसबीएन संस्थेच्या पोर्टलवर लेखक-प्रकाशक म्हणून खातं उघडायचं. ओळखीचा आणि पत्त्याचा पुरावा, मुखपृष्ठ आणि शीर्षकपान जोडलं. शीर्षकपानाच्या मागच्या बाजूला प्रकाशक म्हणून स्वतःचं नाव आणि पत्ता आधीच घालून घ्या, म्हणजे कागदात आणि अर्जात एकच नाव दिसतं. मी त्यासाठी सगळीकडे आधार कार्डावरचं नाव जसंच्या तसं वापरलं. महिनाअखेरीस क्रमांक आला. छापील पुस्तकाला एक, ई-पुस्तकाला दुसरा, पुढे पुठ्ठाबांधणी काढली तर तिसरा, असे वेगवेगळे लागतात. आयएसबीएन म्हणजे मालकीचा पुरावा नव्हे, ते पुस्तक ओळखण्याचं साधन आहे, एवढंच. बारकोड मागच्या मुखपृष्ठावर पांढऱ्या चौकटीत घ्या. आमचं मुखपृष्ठ गडद निळं, त्यावर सरळ काळ्या रेघा टाकल्या असत्या तर दुकानातल्या यंत्राला काही दिसलं नसतं.

छपाईला लोअर परळच्या एका औद्योगिक वसाहतीतला छापखाना ठरवला. तीनशे प्रती, डेमी आकार, ७० जीएसएमचा किंचित पिवळसर कागद, मॅट लॅमिनेशन, प्रतीला १०८ रुपये. एवढ्या कमी प्रतींना ऑफसेटच्या प्लेटांचा खर्च परवडत नाही, डिजिटलच घ्यावी लागते. पूर्ण काम सुरू करण्याआधी एक डमी प्रत मागा आणि ती हातात घेऊन बघा, पीडीएफवर भागवू नका. ऑगस्टच्या दुसऱ्या आठवड्यात माझी डमी आली. नकाशा मधल्या दोन पानांवर पसरून घेतला होता. पुस्तक उघडलं तर डावीकडे समुद्र, उजवीकडे डोंगर, आणि मधली नदी बांधणीत गडप. सात घाटांपैकी तीन गोंदात चिकटलेले. पुस्तक जोर लावून उलगडलं तर घाट दिसले, पण पानंही सुटायला लागली.

छापखान्यातल्या मुलाचं म्हणणं, ‘मॅडम, सगळ्यांचं असंच जातं.’ जात असेल. सरळ उपाय दोन होते: नकाशा लहान करून एका पानावर घ्यायचा, किंवा वेगळ्या कागदावर छापून, घडी घालून शेवटच्या पानाला चिकटवायचा. लहान केल्यावर घाटांची नावं वाचता येत नव्हती. घडीच्या नकाशाला प्रतीला नऊ रुपये जास्त, आणि ते चिकटवणं हाताने. भाचीला फोन केला, ती म्हणाली घडीचाच करा. केला.

एवढ्यात १९ ऑगस्टचा पाऊस आला. मिठीने धोक्याची पातळी ओलांडली, आमच्याकडच्या क्रांतीनगरमधल्या लोकांना हलवावं लागलं, लोकल बंद. आमची इमारत उंचावर, त्यामुळे आम्हाला काही झालं नाही, पण त्या दोन दिवसांत कादंबरी हा विषय डोक्यातही नव्हता. पाणी उतरलं तोवर गणपती तोंडावर. २७ ऑगस्टला गणेशचतुर्थी, आणि चिकटवण्याचं काम करणारे सगळे कोकणात. गौरी-गणपतीत मुंबईच्या छापखान्याकडून काम होईल अशी आशा धरू नये. मीही धरली नाही, स्वतःच्या घरचे मोदक केले. पावसाळ्यात छापायचं असेल तर आणखी एक बघा: दमट हवेत कागद ओल खातो आणि मुखपृष्ठ वर वळतं. माझ्या प्रती बांधणीनंतर तीन-चार दिवस वजनाखाली ठेवून मगच दिल्या, तशी अट आधीच घाला.

सप्टेंबरच्या मध्याला टेम्पो दारात आला. जुळणी, मुद्रितशोधन, चित्रं, छपाई, मुद्रांक, दोन्ही अर्ज, छपाईच्या बिलावरचा जीएसटी, टेम्पो, सगळं मिळून सत्तर हजारांच्या आसपास. छापील पुस्तकाच्या विक्रीवर जीएसटी नाही. किंमत ३२० ठेवली. दुकानदार चाळीस टक्के घेतात आणि पैसे विक्री झाल्यावर, हे गणित किंमत ठरवतानाच मांडा. प्रत्येक दुकानाकडून दिलेल्या प्रतींच्या चलनावर सही घ्या.

प्रकाशक झालं की आणखी एक कर्तव्य येतं, ते पुष्कळांना माहीतच नसतं. १९५४च्या ग्रंथ-प्रदान कायद्याप्रमाणे पुस्तक प्रसिद्ध झाल्यापासून ३० दिवसांत, स्वखर्चाने, चार ग्रंथालयांना एकेक प्रत द्यावी लागते: कोलकात्याचं राष्ट्रीय ग्रंथालय, चेन्नईचं कोनेमारा, दिल्ली पब्लिक लायब्ररी, आणि आपल्याकडे टाउन हॉलमधलं मध्यवर्ती ग्रंथालय. न दिल्यास पन्नास रुपयांपर्यंत दंड, शिवाय पुस्तकाच्या किमतीइतकी रक्कम. म्हणजे माझ्या बाबतीत जास्तीत जास्त ३७० रुपये. दंडाच्या भीतीने कुणी जात नसेल हे उघड आहे. मी गेले कारण त्या कायद्यातली एक तरतूद मला फार आवडली: कोलकात्याला जाणारी प्रत नकाशे आणि चित्रांसकट पूर्ण, चांगल्यात चांगल्या कागदावरची, नीट बांधलेली असली पाहिजे. माझा घडीचा नकाशा कायद्यात बसत होता. कोलकात्याच्या प्रतीसाठी मी तीनशेतून एक निवडून काढली आणि तिचा नकाशा उलगडून, घडी मोडून परत नीट घातली.

तीन पार्सलं स्पीड पोस्टने गेली. सोबत एका पानाचं पत्र जोडलं, त्यात शीर्षक, लेखक, प्रकाशक, आयएसबीएन, किंमत, प्रकाशनाची तारीख. वाचकांच्या प्रती मात्र ज्ञान पोस्टने पाठवते. मे २०२५मध्ये सुरू झालेली ही सेवा तीनशे ग्रॅमपर्यंत २० रुपये आणि पाच किलोपर्यंत १०० रुपये घेते, कर वेगळा. सावकाश जाते, पण माग काढता येतो.

मुंबईची प्रत स्वतः नेऊन दिली. सीएसएमटीला उतरून हॉर्निमन सर्कलपर्यंत चालत गेले. टाउन हॉलच्या, म्हणजे एशियाटिकच्या, त्या तीस पायऱ्यांवर नेहमीप्रमाणे पोरंपोरी फोटो काढत बसलेली. आत पुस्तक घेणाऱ्या गृहस्थांनी शीर्षकपान बघितलं, मागची बाजू बघितली, मग शेवटी चिकटवलेली घडी दिसली तशी ती टेबलावर पूर्ण उलगडली.

‘ही नदी कुठे आली?’

‘कल्पित आहे.’

‘असं होय. मी म्हटलं समुद्राकडून डोंगराकडे कशी चालली.’ त्यांनी बोटाने खालून वर सातही घाट मोजले, घडी जशी होती तशी घातली. ‘मग कादंबरीतच टाकू ना? भूगोलात नको.’

मी म्हटलं, कादंबरीतच टाका. त्यांनी पावती दिली. पावती मागून घ्या, कायद्यानेच ती द्यायची असते, आणि पुढेमागे कुणी विचारलं तर तोच पुरावा.

आता दोन कामं शिल्लक आहेत. नोंदणी ‘अप्रकाशित’ म्हणून झाली होती, पुस्तक निघाल्यामुळे त्यात बदल नोंदवायला फॉर्म पंधरा भरायचा आहे. आणि ई-पुस्तकाच्या आयएसबीएनचा अर्ज टाकला आहे, पण त्याआधी घडीचा नकाशा मोबाइलच्या पडद्यावर कसा दाखवायचा हे भाचीला आणि मला ठरवायचंय. ती म्हणते, उभा ठेव आणि खालून वर सरकवत ने.